भुताच्या झग्याची शिलाई

दाताच्या दवाखान्यात नंबर लावून बसलेल्या मास्तरांनी वर्तमानपत्र उघडलं, पण कान शेजारच्या दोघी म्हाताऱ्या जावांकडेच लागले.

"जाऊबाई, त्या भुताच्या सिनेमात भुताचा झगा मी शिवलेला."

"हजारदा सांगितलंयस. कॅसेटवर नुसता पांढरा ढग दिसायचा."

"आता लेकाने नवी, स्वच्छ प्रत आणलीय. टाका न् टाका दिसतो."

"नातवंडांनी बघितला?"

"कुठलं. भूत आलं की सगळ्यांची तोंडं उशीत. शेवटी मी भूत तिथंच थांबवलं आणि म्हटलं, एक टाका वाकडा दाखवा."

"सापडला?"

"धाकटी टीव्हीला नाक लावून शोधत होती. सापडेना, तेव्हा म्हणाली, आजी, मलाही असाच शिव."

"मग?"

"म्हटलं, भुताला काखेत काचत होता, म्हणून ते एवढं किंचाळायचं. तुला सैल शिवते."