कॉम्प्युटरमधला कॅरम

तृप्ती : सगळंच्या सगळं त्यालाच दिलं तुम्ही, मामा?

अप्पाराव : दिलं. हात आखडता कशाला घ्यायचा? आपल्या कॉम्प्युटरला आठ जीबी रॅम हाय, त्यातली सात टाकली इम्युलेटरच्या पदरात. प्रोसेसरचे चारी गडी बी त्याच्याच कामाला लावले. म्हणलं आज पुंजारामसंग कॅरमचा डाव हाय, पळू दे घोड्यावानी.

तृप्ती : मग पळालं का?

अप्पाराव : बसलं. माउसचा बाण बी हलंना. आतला पंखा तर पिठाच्या गिरणीवानी घुमून राह्यला.

तृप्ती : घुमेल नाही तर काय! अहो, इम्युलेटर म्हणजे कॉम्प्युटरच्या पोटातला खोटा मोबाईल. त्याला उभं कोण करतं? कॉम्प्युटर. तुम्ही पाहुण्याला सगळा स्वयंपाक वाढला आणि वाढणारीला वाटीभर वरण ठेवलं नाही. ती चक्कर येऊन पडल्यावर पाहुणा काय खाणार?

अप्पाराव : पाहुण्याला मोजून वाढायचं, हे आमच्या घराण्यात कुणी केलं न्हाई.

तृप्ती : माहीत आहे मला. लग्नानंतरच्या पहिल्या दिवाळीत मी चुलीपाशी बसून भाकरीवर ठेचा खाल्लाय.

अप्पाराव : ठेचा? तुझी सासू तर म्हणली, सुनबाईचा उपास हाय.

तृप्ती : उपासच म्हणायचा तो. सरका जरा, बंद करून पुन्हा चालू करते. काकांचा फोन कधी यायचाय?

अप्पाराव : आता येईलच. राजूरला देवळाच्या रस्त्यावर नारळाचं दुकान हाय त्याचं. दुपारची आरती झाली की गर्दी पांगती. तो इथं तीर्थपुरीत होता तवा रोज सांजच्याला सोसायटीच्या ओट्यावर कॅरम. मी गटसचिव, तो हमालांचा मुकादम. पण बोर्डासमोर बसलं की कुणाचं पद न्हाई, कुणाचा मान न्हाई.

तृप्ती : आणि तुमचा हात कापतो हे त्यांना अजून सांगितलेलं नाही.

अप्पाराव : सांगून काय करायचं? खेळायला चल म्हणला, तर म्हणलं बोर्डाला वाळवी लागली.

तृप्ती : दोन वर्षं? एव्हाना वाळवीनं बोर्ड खाऊन, स्टूल खाऊन, ओटासुद्धा संपवला असेल.

अप्पाराव : बराबर टोमणा मारला. पण आयक. ह्यो माणूस मला ‘सुई’ म्हणायचा. कडेला चिकटलेली सोंगटी मी उसवून काढायचो म्हणून. त्यानं एकदा ‘अरं बिचारा’ म्हणलं ना, की संपलं. मंग तो माझ्यासंग खेळणार न्हाई. मला खेळवील, नातवाला खेळवतेत तसं. सोपी सोंगटी मुद्दाम सोडील, अन् वरून ‘वा अप्पा’ म्हणंल. त्याच्यापेक्षा वाळवी बरी.

तृप्ती : मग आज खेळूनच दाखवा. हे बघा, इम्युलेटरला रॅम चार, गडी दोन. उरलेलं कॉम्प्युटरच्या घरखर्चाला. चित्राची साईजही उतरवली.

अप्पाराव : त्यानं राणी दिसंल का?

तृप्ती : दिसेल. तिच्या अंगावरची चकाकी तेवढी गेली. मागं आणखी कोण जेवून राहिलंय ते बघू. ही आईंची मालिका. थांबवून ठेवलीय, पण रॅम धरून बसलीय.

अप्पाराव : ती बंद करू नको बाई, सांजचं जेवण मिळायचं न्हाई.

तृप्ती : केली बंद. कुठवर आली होती ते पाठ आहे मला. सून विहिरीच्या काठावर उभी आहे, कालपासून. उडी काही मारत नाही. ही व्हायरसची तपासणी. तुमच्या चिरंजीवांनी नेमकी दुपारची वेळ लावून ठेवलीय, ती उद्या सकाळवर ढकलते. आणि हे तुमचे बाजारभाव.

अप्पाराव : ते ऱ्हाऊ दे की.

तृप्ती : सोयाबीन दोन तासांत कुठं पळून जात नाही.

अप्पाराव : कमाल हाय तुझी. सोसायटीत मी खत वाटायचो. पोती थोडी अन् हात मायंदाळ. वरडून वरडून माझा घसा बसायचा, तरी अर्धं गाव रुसून जायचं. तू चार जणांच्या तोंडचं काढून एकाला दिलं, अन् आवाज न्हाई. तुझ्या बायोडाट्यात ‘कॉम्प्युटर येतो’ असं लिव्हलं होतं. मी म्हणलं, टायपिंग करत असंल पोरगी.

तृप्ती : टायपिंगही येतं. आता बोटं इकडं आणा. डाव्या-उजव्या बाणानं स्ट्रायकर सरकतो. वर-खालच्या बाणानं नेम फिरतो, एका वेळी केसाएवढा. एक, दोन, तीन ही बटणं मारायची. हळू, मध्यम, जोरात. मोबाईलवर हेच सगळं बोट ओढून करावं लागतं, म्हणून तिथं तुमचं जमत नव्हतं.

अप्पाराव : पण बटणावर बी हात तडतडतोच की. एकदा दाबायला जातो, तीनदा पडतं.

तृप्ती : पडू द्या. कॉम्प्युटरमध्येच एक सोय असते. लागोपाठ पडलेलं तेच बटण तो एकदाच धरतो. किती वेळाचं अंतर ठेवायचं तेवढं ठरवावं लागतं. परवा तुम्ही बाहेर गेला होता तेव्हा मी तुमच्यासारखा हात हलवून हलवून बघत होते. आई दारात उभ्या. म्हणाल्या, सासऱ्याची नक्कल करतेस होय गं?

अप्पाराव : मंग? जमली का नक्कल?

तृप्ती : जमेपर्यंत केली.

अप्पाराव : ...बरं. पण ही लबाडी तर न्हाई होत ना?

तृप्ती : नेम कोण धरणार?

अप्पाराव : मी.

तृप्ती : मग बटणाला काय कळतंय, कुठली सोंगटी कुठल्या जाळीत घालायची ते.

(फोन वाजतो. तृप्ती तो स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवते.)

पुंजाराम : हॅलो, अप्पा! आलास का बोर्डावर? का मोबाईलला बी वाळवी लागली?

अप्पाराव : बसलोय कवाचा. फोड तू.

पुंजाराम : फोडतो... एक मिनट. बिलकुल पाण्याचा हाय ताई, हलवून बघा ना. हां, घे. फोडली. एक पांढरी गेली... दुसरी चुकली. बारी तुझी. जल्दी मार, वर घड्याळ पळतंय. ते संपलं की बारी माझ्याकडं.

तृप्ती : (हळू) उजवा बाण, मामा. अजून. घाई नको.

अप्पाराव : नेम मला शिकवू नको. तू पंख्याकडं लक्ष दे.

तृप्ती : पंखा गप आहे.

अप्पाराव : ही गेली एक.

पुंजाराम : ती सोपी होती.

अप्पाराव : ही बी सोपी का?

पुंजाराम : आता मा...! कडेची काढली? पलीकडून ठोकर देऊन? अरं, गंज चढला न्हाई का सुईला? ताई, तुम्ही दुसरा घ्या, तो ऱ्हाऊ द्या... अन् राणी बी घेतली ह्यानं!

अप्पाराव : कव्हर बी घेतलं बघ.

पुंजाराम : लेका, गिऱ्हाईक बघून राह्यलं मी कुणाला शिव्या देतो म्हणून. थांब, ही चुकली ना तुझी? आता माझं बघ. एक... दोन... हात तिच्या! गेली ती काठाला लागून. हाण तू. पण अप्पा, खरं सांगतो, हे काचेवर खरवडून मजा न्हाई. चतुर्थीला राजूरला ये. गणपतीचं दर्शन घे अन् दुकानात बस. नवा बोर्ड घेतलाय, पावडर मारून ठिवतो. काय बोट हाय यार तुझं! दोन साल खेळला न्हाईस, तरी बोट जसंच्या तसं.

तृप्ती : मामा, तुमची बारी आहे. घड्याळ चालू झालंय.

अप्पाराव : पुंजाराम, बोट माझं न्हाई.

पुंजाराम : म्हंजे? कुणाला बसवलं जाग्यावर?

अप्पाराव : बसलोय मीच. पण मी सचिव होतो, एकाची जमा दुसऱ्याच्या खात्याला मी कधी टाकली न्हाई. माझा हात कापतो. दोन साल झाले. चहाचा कप दोन्ही हातानं धरतो, तरी बशीत सांडतो. वाळवी-फिळवी काही न्हाई, बोर्ड जसाच्या तसा भिंतीला लागून उभा हाय. हे सुनेनं घरच्या कॉम्प्युटरात मोबाईल बसवला. मी त्याचा पार गळा दाबून ठेवल्ता, तिनं आत्ताच सोडवला. अन् ह्या हाताला जमतील अशी बटणं लावून दिली. त्याच्यावर खेळून राह्यलो. नेम माझा, पर बोट तिचं. चतुर्थीला येऊन तुझ्या बोर्डावर मी काय मारणार?

तृप्ती : मामा... घड्याळ.

अप्पाराव : संपू दे. पुंजाराम? हॅलो? हाय का न्हाई?

तृप्ती : फोन चालू आहे. तुमची बारी गेली, मामा.

अप्पाराव : आता बोलतो बघ तो. ‘अरं बिचारा’ म्हणतो.

तृप्ती : बोलत नाहीत. त्यांचा स्ट्रायकर हलतोय.

अप्पाराव : कुठं? जाळीच्या तोंडावर त्याच्या दोन उभ्या हायत. एवढ्या सोप्या. त्या सोडून दुसरीकडं मारंल. बघ तू, लांबची धरंल अन् मुद्दाम चुकंल.

तृप्ती : काढली.

अप्पाराव : लांबची?

तृप्ती : तोंडावरची. आणि... दुसरीपण काढली.

अप्पाराव : माझी बारी बोलण्यात गेली, तरी?

तृप्ती : तरी. आता तिसरीवर नेम धरलाय.

पुंजाराम : ताई, नारळ तुम्हीच फोडून घ्या बाहेर, माझा डाव ऐन मोक्यावर हाय. अप्पा! ही पण गेली बघ. अजून तुझ्या सहा ऱ्हायल्या. बटणं हायत ना तुझ्यापाशी? मंग बारी आली की दाब जल्दी. मी काई तुझ्यासाठी थांबणार न्हाई.

अप्पाराव : ...तृप्ती, खुर्ची जरा पुढं सरकव.