खुर्ची सोडलेली अध्यक्षबाई

व्हरमाँटमधल्या त्या गावसभागृहात दगडखाणीच्या परवान्यावर सुनावणी चालली होती. माईकसमोरच्या रांगेत टेसाचे कान पुढच्या दोन आज्यांच्या कुजबुजीला अगदी चिकटले होते.

“व्हर्ना, सुरुंगांनी तुझी विहीर गढूळ झालीय. सांग की ठणकावून!”

“कुणाला गं? अध्यक्षबाईचा नवराच खाणीचा ट्रक चालवतो.”

“म्हणून तर ती खुर्ची सोडून उठली! आता उपाध्यक्ष ऐकतायत.”

“मग घरी पळाली असेल.”

“डोळे फुटले का तुझे? ती बघ, या पोरीच्या मागे उभी आहे.”

टेसाने झटकन वळून पाहिलं.

“लोरेन, तू रांगेत कशाला?” व्हर्नाने अध्यक्षबाईला विचारलं.

“विहीर माझीही गढूळच झालीय, व्हर्ना. खुर्चीत बसून ते बोलता आलं नसतं.”

“आणि नवरा?”

“रुसलाय. रुसू दे. तू हो पुढे, नंबर तुझा आहे.”