रंगवलेली मोटार

आमच्या आईचं ऐका. गेल्या सालीच घेतलेली विहिरीची मोटार मिरजगावात दुरुस्तीला दिली हुती. आणायला गेलो, तर एकदम चकाचक! मी खूश. आई म्हणाली, "ही आपली न्हाई."

दुकानदार हसला. "मावशी, रंग दिलाय, म्हनून वळखू येईना."

आईनं पिशवीतून खरेदीचं बिल काढलं, मोटारीच्या पट्टीवर बोट ठेवून नंबर वाचला अन् विचारलं, "रंग दिल्यावर नंबरबी बदलतो व्हय?"

दुकानदार आत गेला अन् आमची मोटार घेऊन आला. तिचाही नंबर ताडून बघितल्यावरच आईनं ती टेम्पोत चढवू दिली.

निघताना बघतो, तर दुकानातली गिऱ्हाइकं घरी फोन लावत हुती, "आपल्या मोटारीचं बिल शोधा, नंबर सांगा!"