राजीनाम्यावरची माझी सही

आमचं गाव मालवणच्या बाजूला, पण मी गाव बघितलं ते मे महिन्यापुरतं. वडील गिरणीत होते, गिरणी बंद पडली तशी घाटकोपरला डोंगरावर खोली घेतली, तिथेच राहून मी डी.एड. केलं आणि खालच्या शाळेत लागले. अनुदानित शाळा, मराठी माध्यम, चौथीचा वर्ग. पंधरा वर्षं तो वर्ग घेतला, आणि काय सांगू तुम्हाला, पेन्शनच्या कागदावर ती पंधरा वर्षं नाहीतच.

त्याचं असं झालं. लग्नाला बारा वर्षं होऊन गेली तरी मूल नव्हतं, सासूबाईंनी बोलणंसुद्धा सोडलेलं, आणि चाळिशीला मला दिवस गेले. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, पडून राहायचं, डोंगर चढायचा-उतरायचा नाही. आमच्या मुख्याध्यापिका, देसाईबाई म्हणू आपण, खरं नाव नको, त्यांनी मला केबिनमध्ये बसवलं. म्हणाल्या, सुलभा, पटसंख्या कमी झालीय, आधीच शिक्षक कमी करतायत, तू लांब रजेवर गेलीस तर तुझंच पद जाईल, त्यापेक्षा राजीनामा लिहून दे, माझ्या ड्रॉवरमध्ये राहील, वर पाठवत नाही, परत आलीस की फाडून टाकू. मी सही केली. मला तेव्हा पोटातल्या जिवाशिवाय काही दिसत नव्हतं हो. मुलगी झाली, चार महिन्यांची झाल्यावर तिला आईकडे ठेवून कामावर गेले तर बाईंनी एक कागद पुढे केला, म्हणाल्या, हजर झाल्याची सही कर. तीपण केली. वाचलं नाही. मुलांना रोज सांगायचे, वाचल्याशिवाय उत्तर लिहू नका, आणि स्वतः वाचलं नाही.

रिटायर व्हायला दोन वर्षं होती तेव्हा पेन्शनचे कागद काढले. त्यात लिहिलेलं, राजीनामा मंजूर, नंतर नवीन नेमणूक. आणि मधल्या काळात नियम बदललेला, नव्याने लागलेल्यांना जुनी पेन्शन नाही. त्या वर्षभराच्या खंडाने मागची अख्खी नोकरी खाल्ली. ऑफिसात म्हणाले, मॅडम, सही तुमचीच आहे ना. होती ना. तेव्हा कोर्टात गेले. मुलुंडच्या वकीलबाईंनी केस घेतली, म्हणाल्या, राजीनामा कशासाठी घेतला ते सांगणारं माणूस लागेल. मुलीने, मनीषाने, सगळे कागद वाचले आणि मला विचारलं, म्हणजे माझ्यामुळे ना गं? मी तिला ओरडले. पण त्या दिवशी ती जेवली नाही.

तारखांवर तारखा पडत होत्या, त्यातच हे गेले, आणि मग मी एकदा बोरीवलीला देसाईबाईंच्या घरी गेले. पलंगावर होत्या, पंचाहत्तरीच्या पुढच्या. मुलगा म्हणाला, आईला आता काही आठवत नाही, तुम्ही उगाच त्रास देऊ नका. आणि चहा करायला आत गेला. तसा बाईंनी माझा हात धरला, म्हणाल्या, आठवतं मला. तो राजीनामा मीच वर पाठवला. संस्थेच्या चेअरमननी विचारलं आणि मी घाबरले, माझी खुर्ची जाईल म्हणून. तुझ्या जागी कुणाला घेतलं नव्हतं, वर्षभर तुझा वर्ग मीच घेतला.

इतकी वर्षं मी या बाईला दर दिवाळीला फराळ पाठवला होता. मी एवढंच म्हटलं, बाई, हे लिहून द्याल? मुलगा नको नको म्हणत राहिला. त्या म्हणाल्या, तू गप बस रे. वकीलबाईंनी घरीच नोटरी आणला. सही करताना दोनदा पेन पडलं, दोनदा मी उचलून दिलं.

त्या कागदावर निकाल लागला. कोर्टाने सांगितलं, नोकरीतला खंड माफ करा, नोकरी सलग धरा. बाईंना कळवायला फोन केला तर मुलाने उचलला, म्हणाला, मागच्याच आठवड्यात गेली. राग करावा की रडावं, मला कळलं नाही, अजून कळत नाही.

निकाल लागला म्हणून पेन्शन सुरू झाली असं नाही हो. फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरतेय. माझेही गुडघे गेलेत. दर सोमवारी जाते, बसते, पुढच्या सोमवारी या म्हणतात. परवा गेले तर टेबलावरच्या पोरीला सातवा महिना. म्हटलं, रजेचा अर्ज दिलास ना गं? पोच घेतलीस त्याची? ती म्हणाली, देईन, सर म्हणाले घाई नाही. मी म्हटलं, आत्ता लिही, मी बसते इथे. तिने लिहिला, मी वाचून बघितला, मग ती आत जाऊन शिक्का मारून आली. माझी फाइल काही त्या दिवशी हलली नाही. उठताना तिच्या डोक्यावर हात ठेवला, म्हटलं, सुखरूप सूट, बाय माझे.