पल्लवीच्या बघण्याचा कॉल

पल्लवीच्या बघण्याच्या दिवशी काय झालं, ते तुमाले सांगितलंच नाही ना मी?

मुलाकडचे पुण्याचे, म्हणून व्हिडिओ कॉलवर बसायचं ठरलं. आमचा कम्प्युटर जुना. आवाज चांगला यावा म्हणून ह्यांनी सकाळीच कुठल्या तरी भलत्याच साइटवरून नवा ड्रायव्हर उतरवून टाकला. कॉल लागला तर त्यांचा आवाज खणखणीत, अन् आमचा माइक बंद! तिकडून नुसतं "हॅलो, हॅलो". हे घामाघूम. मले एका जागी बसवेना.

"चालत्या कम्प्युटरले काहून हात लावला?"

"थांब न! जुना ड्रायव्हर परत टाकून राहिलो."

तेवढ्यात मुलाची आई त्याले म्हणाली, "त्यांनाही आपलं ऐकू येत नसणार. हे बघ, नोकरीचा विषय आज काढू नकोस. लग्न झालं की सोडायला लावू."

मुलगा म्हणाला, "हो, तेच बरं."

आमची पोट्टी दोनदा परीक्षा देऊन बँकेत लागलेली. माझ्या मनात आलं, कॉलच कापून टाकावा. पण पल्लवीनं माझा हात धरला अन् स्क्रीनकडे पाहत बसून राहिली. एवढ्यात जुना ड्रायव्हर बसला. ह्यांचं तिकडच्या बोलण्याकडे लक्षच नव्हतं. ते घाईनं ओरडले, "हॅलो, आवाज येऊन राहिला का?"

मुलाची आई गोड हसली. "हो हो, आत्ता आला तुमचा आवाज!"

पल्लवी म्हणाली, "तुमचा तर केव्हाचा येऊन राहिला, काकू."