आबांनी खाल्लेलं ड्रॅगनचं अंडं

चहा होईस्तोवर सांगते, आमच्या आबांनी एकदा ड्रॅगनचं अंडं खाल्लं. आबा म्हणजे माझे सासरे. सासूबाई गेल्यावर ते करमाडहून आमच्याकडं मुकुंदवाडीला राहायला आले, पण गोडाला हात लावत नव्हते आणि बोलणंही जवळजवळ बंद होतं.

माझी मुलगी सई तेव्हा जादूच्या गोष्टींत बुडालेली. एका गोष्टीत ड्रॅगनचं अंडं खाऊन झोपलं की आपलं माणूस स्वप्नात भेटतं. तिनं बिस्किटांचा चुरा केला, त्यात कोको आणि घट्ट गोड दूध कालवलं, चॉकलेटची अंडी वळून फ्रीजमध्ये ठेवली. गॅससुद्धा लावावा लागला नाही. पण नेमकी लाईट गेली आणि अंड्यांचा लगदा झाला. सई रडवेली झाली.

आबांनी वाटी पुढं ओढली. "कोण भेटतं म्हणलीस?"

"ज्याची लई आठवण येते ते माणूस."

त्यांनी चमच्यानं सगळं संपवलं आणि तिथंच दिवाणावर आडवे झाले. दारातून गार वारा येत होता. झोपेत त्यांचा चेहरा इतका निवांत दिसत होता, की आम्ही दोघी हलक्या आवाजात बोलत राहिलो.

उठल्यावर सईनं विचारलं, "आबा, आजी आली का?"

"आली ना."

"काय म्हणली?"

"रुसली. म्हणली, एकट्यानंच खाल्लं व्हय?"

मग पायात चप्पल सरकवत आबांनी विचारलं, "बिस्किटं कोणती आणू?"