मिशी उतरवल्यावर

जबाब देणार: स्त्री, वय ४७ वर्षे, व्यवसाय मेकअप, टीव्ही मालिकेच्या स्टुडिओत नोकरीस. जिवाला धोका असल्याने नाव व पत्ता बंद पाकिटात सोबत जोडला आहे.

समक्ष हजर राहून सांगते की, आमच्या मालिकेत सत्तेतल्या पक्षाचे दोन पुढारी खुर्चीसाठी भांडत बसतात आणि तेवढ्यात बाहेर एक जहाल संघटना माजते, अशी कथा आहे. संघटनेच्या म्होरक्याचे काम करणाऱ्या नटाला मी गेली दोन वर्षे मिशी चिकटवते. त्याची भाषणे लोक खरी समजून मोबाइलवर फिरवतात.

काल दुपारी सव्वादोनला, जेवणाच्या सुट्टीत, तीस-चाळीस माणसे फाटकापाशी आली. "साहेबांना बाहेर पाठवा, चौकात दोन शब्द बोलू द्या," अशी त्यांची मागणी होती. निर्माता नटाला म्हणाला, "हात हलवून ये की, तुझं काय जातंय?" नट म्हणाला, "मी हात हलवला तर उद्या हे कुणाचं तरी घर जाळतील." तो फाटकाकडे निघाला. मी मागोमाग गेले.

त्याने सर्वांसमोर मिशी ओढून काढली. डिंक ओला न करता काढल्याने ओठावर रक्त आले. तो म्हणाला, "अहो, मी नट आहे. भाषणं लेखक लिहितो, मी पाठ करतो. घरी माझं बायकोसुद्धा ऐकत नाही. जा आता." पुढचे एक-दोघे हसले. मग मागून "विकला गेला!" अशी आरोळी उठली व फाटक ढकलले गेले.

नट खाली पडला. मी त्याच्यावर ओणवी झाले. लोखंडी नळी घेतलेला एक इसम मला म्हणाला, "ताई, तू बाजूला हो." मी झाले नाही. त्याने माझ्या खांद्यावरून हात नेऊन नटाच्या कानशिलावर नळी मारली. नट अद्याप शुद्धीवर नाही.

सदर इसमाच्या तोंडाला रुमाल असल्याने ओळखले नाही, असे मी काल रुग्णालयात सांगितले होते. ते खोटे आहे. तो माझा पाठचा भाऊ आहे. वडील गेल्यावर मीच त्याला वाढवले. मालिका तो माझे नाव शेवटी पडद्यावर येते म्हणून बघायला लागला.

तो आत्ता घरीच असेल. आई त्याला जेवायला वाढत असेल. दार तीच उघडेल. तिला कमी ऐकू येते, बेल दोनदा वाजवावी.

हा जबाब मला सावकाश वाचून दाखवला. मी सांगितले तेच लिहिले आहे. त्यातले काही खोडायचे नाही.